लिंबूवर्गीय झाडांवरील पाने पोखरणारी अळी : ओळख, निरीक्षण आणि वेळेवर करायची कामे

लिंबू, संत्रे, मोसंबी, पपनस किंवा महाळुंग यांपैकी कोणत्याही झाडाच्या कोवळ्या पानावर चंदेरी, नागमोडी रेषा दिसू लागल्या, त्या रेषेच्या मधोमध काळसर धाग्यासारखी ओळ असली आणि पान एका कडेने वळून चुरगळल्यासारखे झाले असले, तर ते काम एका अतिशय लहान पतंगाच्या अळीचे असते. फिलोक्निस्टिस सिट्रेला हे या पतंगाचे शास्त्रीय नाव. स्टेन्टन या इंग्रज कीटकशास्त्रज्ञाने १८५६ साली कलकत्त्याच्या नमुन्यांवरून त्याचे पहिले वर्णन केले. मुळात आशियातील असलेला हा पतंग १९९३ साली अमेरिकेतील फ्लोरिडात आणि त्याच वर्षी स्पेनमध्ये आढळला. पुढील काही वर्षांतच तो भूमध्य समुद्राभोवतीच्या आणि अमेरिका खंडांतील लिंबूवर्गीय बागांमध्ये पसरला. आज जेथे लिंबूवर्गीय झाडे वाढवली जातात, तेथे बहुतेक ठिकाणी ही कीड भेटतेच.

तिच्याबाबत होणारी सर्वांत मोठी चूक वेळेची असते. रेषा दिसल्यावर माणूस घाबरतो, हाताला लागेल ते औषध आणून फवारतो, आणि आठवड्याभराने नव्या पानांवर पुन्हा तशाच रेषा दिसल्या की औषध निकामी होते असे म्हणतो. प्रत्यक्षात रेषा ठळक दिसू लागते, तेव्हा तिच्यातील अळीचे खाणे बहुधा संपत आलेले असते किंवा ती कोषातही गेलेली असते. म्हणून या किडीचा विचार खराब झालेल्या पानापासून सुरू न करता झाडाला नवती, म्हणजे नवी कोवळी पालवी, कधी फुटते, येथून सुरू करावा. पुढील सर्व कामे या एका गोष्टीभोवती फिरतात.

आधी कीड हीच आहे याची खात्री करा

पाने वळण्याची कारणे अनेक असल्याने केवळ वळलेले पान पाहून निष्कर्ष काढू नये. एक वळलेले कोवळे पान तोडून उजेडाकडे धरावे आणि दहापट मोठे दाखवणाऱ्या साध्या भिंगातून त्याच्या दोन्ही बाजू पाहाव्यात. पानाच्या पातळ त्वचेखाली हवा शिरल्यामुळे दिसणारी चांदीसारखी वाट, ती वळत वळत रुंद होत जाणे आणि तिच्या मधोमध विष्ठेची सलग काळसर रेघ, या तीन खुणा एकत्र दिसल्या की शंका उरत नाही. पोखरण बहुतेक वेळा पानाच्या खालच्या बाजूस असते, पण वरच्या बाजूवर आणि कोवळ्या हिरव्या काडीवरही ती आढळते.

मावा असेल तर पाने वळतात, परंतु वळलेल्या पानाच्या आत किडे घोळक्याने बसलेले दिसतात, पान बोटाला चिकट लागते आणि मुंग्यांची ये-जा असते. सायला ही रस शोषणारी लहान कीड असेल तर शेंड्यावर पिवळसर, चपटी पिल्ले आणि त्यांच्या अंगातून निघालेले पांढरे मेणकट धागे दिसतात. ही कीड स्वतंत्रपणे गंभीर आहे, कारण तिच्यामुळे ग्रीनिंग हा असाध्य रोग पसरतो. फुलकिड्यांमुळे पानावर करड्या, खरखरीत पट्ट्या येतात, पण त्वचेखाली वाट नसते. पानाच्या कडाच कुरतडून नाहीशा झाल्या असतील आणि पानावर पक्ष्याच्या विष्ठेसारखी दिसणारी अळी बसलेली असेल, तर ती लिंबावरील फुलपाखराची अळी असते आणि ती हाताने वेचता येते.

नावाच्या घोळाचाही येथे उल्लेख करायला हवा. मराठीत नागमोडी रेषा काढणाऱ्या प्रत्येक किडीला सरसकट नागअळी म्हणण्याची पद्धत आहे. टोमॅटो, काकडी किंवा घेवड्याच्या पानांवरील नागअळी ही एका लहान माशीची अळी असते, तर लिंबूवर्गीय झाडांवरील अळी पतंगाची असते. दोघींचे वागणे, त्यांचे शत्रू आणि त्यांच्यावर चालणारे उपाय सारखे नाहीत. त्यामुळे दुकानात केवळ ‘नागअळीचे औषध द्या’ असे सांगून काम भागत नाही, पिकाचे नाव सांगावेच लागते. शक्यतो पानच सोबत न्यावे.

हा पतंग मुख्यतः लिंबाच्या कुळातील झाडांवर जगतो. लिंबूवर्गीय फळझाडांखेरीज बेल, कुंपणाला लावतात ती कुंती आणि माकडलिंबासारखी झुडपे यांवरही त्याची नोंद आहे. बागेच्या कडेला कुंतीचे कुंपण असेल आणि ते वारंवार छाटले जात असेल, तर त्याच्या प्रत्येक नव्या पालवीवर किडीची एक पिढी वाढू शकते. म्हणून निरीक्षण करताना ते कुंपण विसरू नये.

एक फांदी बांधून पाहा

या किडीचा जीवनक्रम पुस्तकात वाचण्यापेक्षा एका शेंड्यावर पाहिला, तर पुढचे निर्णय सोपे होतात. नुकताच फुटलेला, नखाएवढी पाने असलेला शेंडा निवडून त्याच्या देठाशी रंगीत दोरा बांधावा आणि दोन-तीन आठवडे रोज सकाळी तो भिंगातून पाहावा. हे काम रोज पाच मिनिटांचे आहे. त्यातून मिळणारी माहिती त्या बागेची, त्या हवेची असते, आणि तिला पर्याय नाही.

पहिल्या दिवसांत पानाच्या खालच्या बाजूस, बहुधा मुख्य शिरेजवळ, पाण्याच्या बारीक थेंबासारखे काहीतरी चमकताना दिसेल. ते अंडे असते. ते चपटे, जवळजवळ पारदर्शक आणि मिलिमीटरच्या तिसऱ्या हिश्श्याएवढे असल्याने नुसत्या डोळ्यांना सहसा दिसत नाही, परंतु पान तिरपे धरून त्यावर उजेड पडू दिला की ते लकाकते. मादी अंडी एकेकटी घालते, पुंजक्याने नाही, आणि त्यासाठी ती एक ते तीन सेंटिमीटर लांबीची कोवळी पाने पसंत करते. ती आपल्या आयुष्यात सुमारे ५० अंडी घालू शकते. अंडी घालण्याचे काम संध्याकाळी आणि रात्री चालते. दिवसा हे पतंग पानांच्या खाली किंवा खोडाच्या सावलीत निवांत बसलेले असतात, त्यामुळे बागेत फिरणाऱ्या माणसाला ते क्वचितच दिसतात.

हवामानानुसार २ ते १० दिवसांत अंडे फुटते आणि अळी बाहेर न येता अंड्याखालूनच थेट पानात शिरते. पुढचे ५ ते २० दिवस ती पानाच्या त्वचेच्या आत राहून पेशींमधील रस पिते. तिला चालण्याजोगे पाय नसतात आणि तिचे अंग चपटे असते. पान सूर्याकडे धरले तर वाटेच्या रुंद टोकाशी पिवळसर हिरवट रंगाची, जेमतेम तीन मिलिमीटरची ती आकृती हळूहळू डोके हलवताना दिसते, आणि तिच्या मागे काळसर रेघ लांबत गेलेली असते. ही रेघ म्हणजे तिची विष्ठा. वाट जसजशी जुनी होते, तसतशी रेघ ठळक होत जाते.

शेवटच्या अवस्थेत अळी खाणे थांबवते, पानाच्या कडेशी येते आणि रेशमी धागे काढून कडा आत ओढून घेते. तेथे तिचा कोष बनतो. पानाची कडा घडी घातल्यासारखी दुमडलेली दिसली की टाचणीच्या टोकाने ती घडी हलकेच उघडून पाहावी, आत पिवळसर तपकिरी कोष दिसेल. ६ ते २२ दिवसांनी त्यातून पतंग बाहेर पडतो आणि रिकाम्या कोषाचे कवच त्या घडीतून अर्धवट बाहेर आलेले राहते. असे कवच दिसणाऱ्या पानात मारण्यासारखे काहीही उरलेले नसते.

बाहेर पडलेला पतंग पंख पसरून चार-पाच मिलिमीटर भरतो. पुढचे पंख चकचकीत पांढरे असून त्यांवर पिवळसर तपकिरी आणि काळ्या रेषा असतात, आणि प्रत्येक पुढच्या पंखाच्या टोकाशी एक काळा ठिपका असतो. भिंगाखाली हा कीटक खरोखर सुंदर दिसतो.

अंड्यापासून पतंगापर्यंतचा सगळा प्रवास १३ ते ५२ दिवसांत पूर्ण होतो. उबदार हवेत तो खालच्या आकड्याकडे झुकतो, थंडीत वरच्या. उष्ण प्रदेशात वर्षभरात अनेक पिढ्या होतात, आणि जोवर कोवळी पाने मिळत राहतात तोवर त्या एकमेकींत मिसळत राहतात. बांधलेल्या फांदीच्या नोंदी लिहून ठेवल्या, तर आपल्याकडे ही पिढी नेमकी किती दिवसांत पूर्ण होते हे कळते, आणि फवारणी करायचीच असेल तर ती कोणत्या दिवशी करायची याचे उत्तर तेथेच मिळते.

दुसरी गोष्टही त्याच फांदीवर दिसून येते. पान पूर्ण पसरले, त्याचा रंग गडद झाला आणि ते बोटांना कडक लागू लागले की त्यावर नवी अंडी पडत नाहीत. झाडाला वर्षभर धोका नसतो, तो फक्त नवतीच्या दिवसांत असतो.

झाडाचे वय पाहून निर्णय घ्या

चार-पाच वर्षांहून जुने, भरपूर पर्णसंभार असलेले निरोगी झाड ही कीड सहन करते. त्याच्या एकूण पानांपैकी कोवळी पाने थोडीच असतात, त्यांचा काही भाग निकामी झाला तरी जुनी पाने अन्न तयार करण्याचे काम करत राहतात, आणि फळांच्या उत्पन्नावर सहसा लक्षात येण्याजोगा परिणाम होत नाही. अशा झाडावर रेषा कितीही विद्रूप दिसल्या, तरी काही न करणे हाच माझ्या मते योग्य निर्णय आहे. हा आळस समजू नये. अशा झाडावर विनाकारण केलेली फवारणी अळीपेक्षा तिच्या शत्रूंना अधिक मारते.

नव्याने लावलेली कलमे, रोपवाटिकेतील रोपे आणि कुंडीतील लहान झाडे यांची गोष्ट निराळी आहे. त्यांच्यावर जुनी पाने मोजकीच असतात, झाडाची चौकट नव्या शेंड्यांतूनच उभी राहायची असते, आणि एकामागून एक दोन-तीन नवत्या खराब झाल्या तर झाड खुंटते. पहिल्या तीन-चार वर्षांत लक्ष द्यायचे ते येथे. तिसरा प्रकार खैऱ्या म्हणजे कँकर रोग असलेल्या बागांचा. तेथे वय कितीही असले तरी दुर्लक्ष चालत नाही, आणि त्याविषयी पुढे वेगळे लिहिले आहे.

नवती एकवट येऊ द्या

औषधाला हात लावण्यापूर्वी करायचे आणि सर्वांत टिकाऊ परिणाम देणारे काम म्हणजे नवतीची शिस्त. झाडावर वर्षभर कुठे ना कुठे चार शेंडे फुटत राहिले, तर किडीला वर्षभर खायला मिळते आणि तिची संख्या कधीच खाली येत नाही. याउलट सर्व फांद्यांना एकाच सुमारास जोरदार नवती फुटली आणि ती एकदमच जून झाली, तर त्या थोड्या दिवसांत किडीला जेवढे खाता येईल तेवढेच नुकसान होते, बरीचशी पाने वाचतात आणि नंतर पतंगांना अंडी घालायला जागा उरत नाही.

यासाठी छाटणी वर्षातून एकदाच करावी. वारंवार थोडी थोडी छाटणी केली की प्रत्येक छाटाखालून अवेळी कोंब फुटतात. झाडाला आकार देण्याची हौस असणाऱ्यांकडून हे नकळत घडते, विशेषतः घराजवळच्या एखाद-दुसऱ्या झाडाच्या बाबतीत. मात्र पाणसोट, म्हणजे खोडावरून सरळ वर जाणारे जोमदार कोंब, आणि कलमाच्या जोडाखालून खुंटाला फुटणारे धुमारे यांना हा नियम लागू नाही. हे कोंब जोमदार, रसरशीत आणि जवळजवळ सतत वाढणारे असल्याने पतंगांना तेच अधिक आकर्षक वाटतात. ते लहान असतानाच हाताने मुळाशी मोडून काढावेत. कात्रीने वरून कापले तर खाली राहिलेल्या डोळ्यांतून पुन्हा दोन-तीन फुटतात.

नत्राचा विचारही याच दृष्टीने करावा. नत्रयुक्त खताचा मोठा हप्ता पाण्याबरोबर दिला की पाठोपाठ कोवळी पालवी येते. किडीची संख्या सर्वाधिक असण्याच्या काळात हा हप्ता दिल्यास झाडाने खर्च केलेली ताकद अळ्यांच्या पोटात जाते. थंडी पडणाऱ्या प्रदेशांत हिवाळ्यानंतरची पहिली नवती बहुधा बचावते, कारण थंडीत किडीची संख्या घटलेली असते. त्यानंतरच्या उबदार आणि दमट महिन्यांत फुटणाऱ्या नवत्यांवर प्रादुर्भाव वाढत जातो. म्हणून वर्षाच्या खतातील नत्राचा मोठा वाटा पहिल्या नवतीच्या आधी आणि उरलेला विभागून देणे सोयीचे ठरते. पाण्याचेही तसेच. कधी कोरडे तर कधी तुडुंब असे पाणी दिल्यास प्रत्येक पाण्यानंतर झाड थोडेसे फुटते. पाणी नियमित आणि गरजेपुरतेच दिले, तर अवेळी फूट कमी होते.

खराब दिसणारी पाने कापू नका

रेषा पडलेली पाने छाटून जाळावीत असा सल्ला अनेकदा दिला जातो. मोठ्या झाडाच्या बाबतीत तो मला पटत नाही. पोखरलेल्या पानाचा हिरवा राहिलेला भाग अन्न तयार करत असतो आणि ते पान गमावून झाडाचे नुकसानच होते. शिवाय कापलेल्या जागेखालून नवे कोंब फुटतात, म्हणजे किडीसाठी पुन्हा ताजे पान तयार होते. तिसरे कारण अधिक महत्त्वाचे आहे. त्याच पानांच्या आत अळीवर वाढणारे मित्रकीटक असतात, आणि पाने जाळली की तेही जळतात.

कुंडीतील एखाद्या झाडावर मोजकीच पाने बाधित असतील, तर एक साधा उपाय चांगला चालतो. पान उजेडाकडे धरून अळी नेमकी कुठे आहे ते पाहावे आणि त्या जागी पान अंगठा व तर्जनी यांत हलकेच दाबावे. अळी आतच मरते आणि पान झाडावर राहते. दुमडलेल्या कडेतील कोषही असाच दाबता येतो. दहा-वीस शेंड्यांच्या झाडाला यापलीकडे काही लागत नाही.

मित्रकीटकांना काम करू द्या

या अळीच्या शत्रूंमध्ये लहान परोपजीवी गांधीलमाश्या सर्वांत महत्त्वाच्या आहेत. सिट्रोस्टिकस, सिरोस्पिलस, सेमिएलॅकर आणि अजेनियास्पिस ही त्यांतील काही नावे. यांतील बऱ्याच माश्या एक-दोन मिलिमीटरच्याच असतात, माणसाला चावत नाहीत, आणि पानाच्या त्वचेतून आपला सूक्ष्म नळीसारखा अवयव आत घालून अळीवर किंवा अळीत अंडे घालतात. अजेनियास्पिस सिट्रिकोला ही माशी विशेष आहे. तिच्या एका अंड्यापासून एकाहून अधिक माश्या तयार होतात, आणि अळीने कोषाची जागा तयार केल्यावर त्या घडीत अळीच्या कोषाऐवजी या माशीचे कोष ओळीने दिसतात. फ्लोरिडात कीड पोहोचल्यानंतर १९९४ साली ही माशी ऑस्ट्रेलियातून आणून तेथे सोडण्यात आली आणि ती तेथे स्थिरावली. याखेरीज क्रायसोपा या जाळीदार पंखांच्या मित्रकीटकाच्या अळ्या, जाळी विणणारे कोळी आणि काही मुंग्या वाटेतील अळ्या टिपून खातात.

मित्रकीटक काम करत आहेत की नाही, हे तपासता येते. वीस-पंचवीस पोखरलेली पाने गोळा न करता झाडावरच भिंगातून पाहावीत आणि जिवंत अळी, मेलेली अळी, परोपजीवीचा कोष व फाटलेली वाट यांची वेगवेगळी नोंद करावी. तपकिरी पडून सुकलेली अळी, तिच्याशेजारी एखादा काळपट लहान कोष, किंवा त्वचा फाडून अळी उचलून नेलेली रिकामी वाट, ही शत्रू हजर असल्याची चिन्हे आहेत. तपासलेल्या वाटांपैकी बऱ्याच वाटांत अशी चिन्हे दिसली, तर फवारणीचा विचार पुढे ढकलावा. नवतीच्या सुरुवातीला मित्रकीटक कमी आणि नंतर वाढत जातात, त्यामुळे आठवड्याने पुन्हा एकदा मोजणी करणे आवश्यक आहे.

माव्याच्या गोड स्रावासाठी झाडावर चढणाऱ्या मुंग्या मित्रकीटकांना हुसकावतात. खोडाभोवती चिकट पट्टा लावून आणि जमिनीला टेकलेल्या फांद्या उचलून त्यांची वाट बंद करता येते. पट्टा थेट सालीवर न लावता खाली कापडाचा किंवा कागदाचा थर द्यावा.

कामगंध सापळा : कशासाठी आणि कशासाठी नाही

या पतंगासाठी कामगंध सापळे मिळतात. मादीच्या गंधासारखा गंध सोडणाऱ्या गोळीमुळे नर सापळ्यातील चिकट कागदावर अडकतात. पतंगांची संख्या कधी वाढू लागली आणि ती वाढ आपल्या नवतीच्या दिवसांशी जुळते का, हे कळण्यासाठी सापळा फार उपयोगी आहे. त्याने कीड आटोक्यात येईल, अशी अपेक्षा मात्र ठेवू नये. अडकतात ते फक्त नर, आणि उरलेले थोडे नरही बहुतेक माद्यांशी मीलन करण्यास पुरेसे असतात. मोठ्या क्षेत्रावर भरपूर गंध पसरवून नरांना माद्या सापडूच न देण्याची एक पद्धत आहे, परंतु ती सलग, मोठ्या बागांसाठीच योग्य असते. सापळा झाडाच्या घेरात, खांद्याच्या उंचीच्या आसपास टांगावा, आठवड्यातून एकदा पतंग मोजावेत आणि गंधाची गोळी वेष्टनावर सांगितलेल्या मुदतीनंतर बदलावी.

फवारणी करायची असेल तर

लहान झाडे आहेत, नवती फुटते आहे, अंडी किंवा केसाएवढ्या बारीक वाटा दिसत आहेत आणि मित्रकीटकांची चिन्हे कमी आहेत, या चारही गोष्टी एकत्र आल्या की फवारणीला अर्थ असतो. शेंडे एक-दोन सेंटिमीटरचे असतानाच पहिली फवारणी करावी. पुढील फवारण्या नवती जून होईपर्यंत, पुन्हा निरीक्षण करून, साधारण ७ ते १० दिवसांच्या अंतराने घ्याव्यात, कारण दरम्यान फुटलेल्या नव्या पानांवर आधीच्या फवारणीचा अंशही नसतो.

माझी पहिली पसंती निंबोळी अर्काला किंवा बागायती खनिज तेलाला आहे. पाच टक्के निंबोळी अर्कासाठी एक लिटर तयार द्रावणामागे ५० ग्रॅम निंबोळीचा गर भरडून रात्रभर थोड्या पाण्यात भिजवावा, सकाळी दुहेरी फडक्यातून गाळावा, दोन ग्रॅम साधा साबण विरघळवून घालावा आणि पाणी घालून एक लिटर पूर्ण करावे. अर्क त्याच दिवशी वापरावा. खनिज तेल सामान्यतः एक लिटर पाण्यात ५ मिलिलिटर या प्रमाणात वापरले जाते, तरी वेष्टनावरील प्रमाण अंतिम मानावे. तेलाचा थर असलेल्या पानावर मादी अंडी घालण्याचे टाळते, हा त्याचा मुख्य उपयोग. वाटेच्या आत बसलेल्या मोठ्या अळीवर तेलाचा परिणाम फारसा होत नाही, आणि म्हणूनच उशिरा केलेली तेलाची फवारणी वाया जाते. तापमान ३५ अंशांच्या आसपास असताना, झाड पाण्याच्या ताणावर असताना किंवा नुकतेच गंधक फवारले असताना तेल वापरू नये, पाने करपतात.

फवारा पानाच्या खालच्या बाजूस पोहोचायला हवा, कारण अंडी आणि वाटा बहुतांशी तेथेच असतात. नोझल खालून वर धरून, बारीक तुषारांत, शेंडे ओले होऊन थेंब गळू लागण्याच्या बेतात फवारणी थांबवावी. संपूर्ण झाड भिजवण्याची गरज नाही. जून पानांवर मारलेले औषध या अळीपर्यंत पोहोचतच नाही आणि तेथे बसलेल्या मित्रकीटकांना मात्र पोहोचते.

रासायनिक औषधांपैकी स्पिनोसॅड आणि अबामेक्टिन ही पानाच्या पेशींत काही अंशी शिरत असल्याने आतील लहान अळीपर्यंत पोहोचतात. ज्या भागात या पिकासाठी त्यांना परवानगी आहे तेथेच, वेष्टनावरील मात्रेने आणि काढणीपूर्वी सांगितलेले दिवस पाळून ती वापरावीत, आणि एकाच गटातील औषध लागोपाठ नवत्यांवर वापरू नये. ओले औषध मधमाश्यांना घातक असते, म्हणून फवारणी संध्याकाळी उशिरा करावी आणि झाड फुलावर असताना टाळावी. फळे न धरणाऱ्या लहान झाडांना इमिडाक्लोप्रिडसारख्या आंतरप्रवाही, म्हणजे झाडाच्या रसातून सर्वत्र पोहोचणाऱ्या, औषधाची आळवणी केली जाते, म्हणजे त्याचे द्रावण मुळाशी ओतले जाते. ती करायचीच झाली तर नवती फुटण्याच्या सुमारे दोन आठवडे आधी, म्हणजे मुळांतून औषध शेंड्यापर्यंत चढायला वेळ मिळेल अशी करावी लागते. फुलणाऱ्या झाडांना हे औषध देऊ नये, कारण ते परागकण आणि मधुरसात उतरते. सर्व मित्रकीटकांना सरसकट मारणारी पायरेथ्रॉइड गटातील स्पर्शजन्य औषधे या किडीसाठी वापरू नयेत, असे मी स्पष्टपणे सांगेन. अळी त्वचेखाली सुरक्षित राहते, तिचे शत्रू मरतात, आणि पाठोपाठ पानांचा रस शोषणारे सूक्ष्म कोळी व खवले किडी यांचा उद्रेक होण्याची शक्यता वाढते.

रोपवाटिका

रोपवाटिकेत रोपे दाटीने, सतत कोवळी आणि भरपूर खतावर असल्याने ही कीड तेथे सर्वाधिक त्रास देते, आणि तेथूनच रोपांबरोबर नव्या बागेत जाते. कीटकरोधक बारीक जाळीच्या घरात, दुहेरी दार ठेवून रोपे वाढवणे हा सर्वांत खात्रीचा मार्ग आहे. ते शक्य नसेल तर एका वयाची रोपे एकत्र ठेवावीत, म्हणजे एका गटाची नवती जून होते तेव्हा पूर्ण गट धोक्याबाहेर जातो. रोपे खरेदी करताना शेंड्याची पाने उलटून पाहावीत. दुमडलेल्या कडा दिसल्या तर त्यांतील कोष दाबून मगच रोप इतर झाडांजवळ न्यावे.

खैऱ्या रोग असलेल्या बागेत

खैऱ्या हा जिवाणूजन्य रोग आहे. पाने, काड्या आणि फळांवर खरखरीत, मध्यभागी खोलगट आणि भोवती पिवळे वलय असलेले ठिपके ही त्याची खूण. अळी हा जिवाणू एका झाडावरून दुसऱ्यावर नेत नाही. परंतु तिने पोखरलेल्या जागी पानाचा आतला भाग उघडा पडतो, आणि वाऱ्याबरोबर आलेल्या पावसाच्या शिंतोड्यांतून जिवाणू तेथे सहज शिरतात. एरवी पान जून होता होता रोगाला कमी बळी पडू लागते, पण पोखरलेल्या पानात ही शिरकावाची वाट बराच काळ उघडी राहते. नागमोडी वाटेच्या कडेने ओळीने उठलेले खैऱ्याचे ठिपके पाहिले की हा संबंध डोळ्यांनी कळतो.

अशा बागेत पावसाळी नवती सुरू होताच अळीचे नियंत्रण आणि रोगासाठी ताम्रयुक्त औषध यांचे वेळापत्रक एकत्र आखावे. दोन औषधे एकाच टाकीत मिसळायची का, हे वेष्टन वाचून ठरवावे. बागेच्या वाऱ्याकडील बाजूस वारारोधक झाडांची रांग असावी, मात्र ती लिंबाच्या कुळातील नसावी. खैऱ्या लागलेल्या काड्या कोरड्या हवेत छाटून नष्ट कराव्यात, आणि प्रत्येक झाडानंतर कात्री निर्जंतुक करावी. पाने कापू नयेत असे वर म्हटले आहे, त्याला हा एक अपवाद आहे. पाने ओली असताना बागेत छाटणी किंवा तोडणी करू नये.

नोंदवहीत प्रत्येक नवतीची सुरुवात, पहिले अंडे दिसल्याचा दिवस, पहिली दुमडलेली कडा आणि पाने जून झाल्याचा दिवस या चार तारखा लिहाव्यात. त्याच पानावर सापळ्यातील आठवड्याची मोजणीही नोंदवावी. पुढच्या नवतीपूर्वी ते पान उघडून पाहिले, की शेंडे तपासायला कोणत्या आठवड्यात सुरुवात करायची हे ठरवता येते.